मुळ्याचं पाणी

कोटली, बटाल्याजवळ
२० नोव्हेंबर १९७८

प्रिय बाली,

सत श्री अकाल. पाकिटावरचं अक्षर बघून तू दचकली असशील. या घरातून तुला पत्रं लिहायची ती तुझी बहीण. मी शेवटच्या ओळीखाली 'निरंजनचाही नमस्कार' एवढं लिहून मोकळा व्हायचो. सतवंतला जाऊन आता तिसरा महिना. म्हणून पूर्ण पत्र माझं मलाच लिहायला हवं.

अडचण मोठी आहे आणि ऐकायला हास्यास्पद आहे. दिवाळीला रूपी आली होती. पोरीनं घरात पाऊल टाकलं, चुलीत हात घातला आणि म्हणाली, "दारजी, ही चूल किती दिवस पेटली नाही?" मी म्हटलं, गुरुद्वाऱ्यात लंगर असतो, कधी तंदूरवालीकडून रोट्या येतात, माझं छान चाललंय. तिनं माझा सदरा मागून मुठीत धरला. मुठीत बराच आला. मग तिनं ठरवूनच टाकलं, की घराला कुलूप लावायचं आणि मी लुधियान्याला तिच्याकडे जायचं.

लुधियान्याला तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्या आहेत. जावई हरचरण भला माणूस आहे, मला बसायला उठून खुर्ची देतो. पण बाली, रोज कुणी उठून खुर्ची दिली की माणूस पाहुणा होतो. इथे सतवंतनं लावलेली मेथी आहे, तिची खाट आहे, तिच्या हातचं सारवण आहे. मी हे घर सोडलं तर मला दुसऱ्यांदा विधुर झाल्यासारखं वाटेल.

मी रागात बोलून गेलो, "मी माझं स्वतः करून खाईन!" हरचरण हसला. रूपी हसली नाही. म्हणाली, "ठीक. मी जानेवारीत लोहरीच्या सणाला येते. माझी बीजी करायची तसा मुळ्याचा पराठा तुमच्या हातानं करून मला वाढा. जमला तर पुन्हा विषय काढणार नाही. नाही जमला तर मुकाट्यानं ट्रंक भरायची."

आयुष्यभर मी कालवे खात्यात ओव्हरसियर होतो. पाणी कुठून कुठे न्यायचं ते मला कळतं. पराठ्यातलं सारण आत कसं राहतं ते कळत नाही. तू तिची बहीण. एकाच आईच्या हाताखाली शिकलात. मला लिहून कळव.

तुझा जीजा,
निरंजन सिंग

---

देहरादून
२८ नोव्हेंबर १९७८

जीजाजी,

सत श्री अकाल. दचकले नाही, रडले. नंतर पुन्हा वाचलं आणि इतकी हसले की सूनबाई बघायला आली. तुम्ही आणि पराठा! माझ्या लग्नात तुम्ही चहा ढवळायलासुद्धा माझ्या बीबीला, तुमच्या सतवंतला, हाक मारली होती, आठवतं? मला आठवतं. मेव्हणी असल्या गोष्टी विसरत नसते.

जालंधरच्या कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर आम्हा मुलींना केक शिकवायच्या. तराजूत मैदा, तराजूत साखर, हातात घड्याळ. बीबीचा केक दर वेळी बसायचा आणि ती वर्गाच्या खिडकीतून बाहेर बघत हळूच म्हणायची, "बाली, घरी जाऊन पराठा खाऊ." पराठा आम्हाला कुणी शिकवला नाही. आईच्या मागे उभं राहून तो आला. तो कागदावर उतरवणं किती अवघड आहे ते आत्ता लिहायला बसल्यावर कळतंय.

तरी ऐका. कणीक कानाच्या पाळीइतकी मऊ मळा. वर ओलं फडकं टाकून ठेवा. मुळा किसा. त्यात आलं, हिरवी मिरची, कोथिंबीर, ओवा, जाडसर कुटलेले धने आणि थोडे वाटलेले डाळिंबदाणे घाला. चवीला मीठ. उंडा करून आत सारण भरायच्या फंदात आत्ता पडू नका. दोन पातळ रोट्या लाटा, एकीवर सारण पसरा, दुसरी वर ठेवा, कडा बोटांनी दाबून बंद करा, वरून हलकं लाटणं फिरवा. तवा चांगला तापू द्या. तूप नंतर.

लोहरीपर्यंत वेळ आहे. रोज एक करा. आणि जीजाजी, पहिला बिघडला तर तो मला कळवा, लपवू नका.

तुमची,
बाली

---

कोटली
७ डिसेंबर १९७८

प्रिय बाली,

बिघडला. पहिला, दुसरा आणि त्यानंतरचे सगळे.

मी नेहमीसारखी आधी आखणी केली. सकाळीच मुळा किसला, मीठमसाला सगळा कालवून ठेवला, म्हणजे संध्याकाळी नुसतं लाटणं उरेल. संध्याकाळी झाकण काढलं तर भांड्यात पाणी! मी म्हटलं असेल थोडं. दोन रोट्यांच्या मध्ये सारण घातलं आणि लाटणं फिरवताच बांध फुटावा तशी कड फुटली. पोळपाटावर पूर. रोटी खालून चिकटली, वरची फाटली. तव्यावर टाकली तेव्हा तिला कुठलाच आकार नव्हता.

दुसऱ्या दिवशी जास्त पीठ लावलं. पराठा विटेसारखा झाला. गल्लीतल्या कुत्र्यानं वास घेतला आणि निघून गेला.

सतवंतच्या हातचा पराठा कधी फुटला नाही. मी कधी विचारलंही नाही की का फुटत नाही. ताटात यायचा, मी खायचो, वर्तमानपत्र वाचायचो.

अक्षर वाकडं आलंय, थंडीनं शाई नीट उतरत नाही. बाकी सगळं ठीक आहे.

निरंजन

---

देहरादून
१४ डिसेंबर १९७८

जीजाजी,

शाई थंडीनं नीट उतरत नाही म्हणता, आणि कागदाच्या कोपऱ्यावर हळदीचं बोट उमटलंय. हात भाजला आहे ना? उजवा? माझ्यापासून लपवायला तुम्हाला अजून बरंच शिकावं लागेल. तव्याची कड पकडलीत की काय? हळद ठीक आहे, पण वर लोणी लावू नका, थंड पाणी घाला. आणि चिमटा घ्या. बीबीचा चिमटा चुलीच्या उजवीकडे खिळ्याला असायचा.

चूक माझी. मिठाचं नीट लिहिलं नाही, कारण आमचे हात ते न विचारता करतात. मुळ्याला मीठ लागलं की तो पाणी सोडतोच. म्हणून किसल्यावर नुसतं मीठ लावून थोडा वेळ ठेवायचा, मग पातळ कापडात घट्ट पिळायचा. पाणी टाकून द्यायचं. कोरड्या किसात मसाला घालायचा तो अगदी लाटायच्या वेळी. तुमचा जुना मलमलीचा फेटा असेल तर त्याचा तुकडा घ्या. कालव्याचं पाणी वळवणाऱ्या माणसाला मुळ्यानं हरवावं हे मला बघवत नाही.

रूपीला मी काही लिहिलेलं नाही. तुमची बाजू घेऊन लिहावंसं फार वाटलं, पण मुलीच्या मनात काय भीती आहे ते मला कळतं. ती पराठा मागत नाहीये. तुम्ही जेवताय की नाही, कुणाशी बोलताय की नाही, ते तिला बघायचंय.

बाली

---

कोटली
२२ डिसेंबर १९७८

प्रिय बाली,

हात बरा आहे. चिमटा तिथेच होता.

फेट्यातून पिळलेला मुळा फुटत नाही! काल पराठा अखंड उतरला, गोलही होता, म्हणजे बटाल्याच्या नकाशाइतका गोल. मी खूश होऊन तोडला, तोंडात घातला, आणि बाली, त्यात काहीच नव्हतं. कणीक फिकी, सारण चोथा. सतवंतच्या पराठ्यात नुसती कड खाल्ली, जिथे सारण पोचतच नाही, तरी मुळ्याचा झणझणीतपणा जिभेवर यायचा. ते आत्ता आठवलं. तुम्ही बहिणी कडेत काय घालायचात?

आणि एक कटकट. आमच्या अंगणातल्या भिंतीपलीकडे माझी थोरली भावजय बचिंत कौर राहते, ते तुला माहीत आहे. तिचा नवरा गुरमुखभाई आणि मी अंगणाच्या मोरीच्या उतारावरून भांडलो होतो. मी उतार मोजायची लेव्हल लावून दाखवली होती की पाणी माझ्या बाजूनं काढायला हवं, तो म्हणाला त्याच्या बाजूनं. त्यातून भिंत उभी राहिली आणि बोलणं संपलं. भाई गेला तेव्हा मी खांदा दिला, पण भाभीशी एक शब्द बोललो नाही, तीही नाही.

आता म्हातारी मला टोमणे मारते. माझ्याशी नाही, तिच्या म्हशीशी बोलते, भूरीशी. आवाज एवढा की वेशीपर्यंत जावा. परवा मी मुळ्याचं पाणी मोरीत ओतलं. भिंतीपलीकडून लगेच, "बघ ग भूरी, आलं पुन्हा मुळ्याचं पाणी आपल्या अंगणात! काही लोकांच्या घरी इतकी श्रीमंती आलीये की चव मोरीत ओततात आणि चोथा ताटात घेतात!" काल सकाळी, "भूरी, आमच्या सासूबाई असत्या तर असल्या हातावर लाटणं मारलं असतं!"

माझ्या फजितीवर म्हशीला हसवायचं! मी आता पाणी बादलीत साठवून रस्त्यावर नेऊन टाकतो.

निरंजन

---

देहरादून
२९ डिसेंबर १९७८

अहो जीजाजी,

इतकं शिकलेला माणूस आणि इतका भोळा! ती तुम्हाला पराठा शिकवतेय.

पुन्हा वाचा तिनं काय म्हटलं ते. चव मोरीत ओततात. तिच्या सासूबाईंचं नाव, म्हणजे तुमच्या आईचं, बेबेचं. आमच्या माहेरी मुळ्याचं पाणी टाकूनच देत, म्हणून मी तुम्हाला तसं सांगितलं. पण बीबीचा तुमच्या घरचा पराठा मी खाल्लाय आणि तो आमच्या आईच्या पराठ्यासारखा कधीच नव्हता. मी तिला चिडवायचे, "सासरची झालीस!" ती हसायची. ती तो तुमच्या बेबेच्या चुलीपुढे शिकली असणार. त्या चुलीपुढे तिच्याही आधी कोण बसत होतं? थोरली सून. बेबे नाही, बीबी नाही. आता ते जाणणारी एकच बाई उरली आहे आणि ती तुमच्या भिंतीपलीकडे उभी राहून गळा फोडून सांगतेय.

माझा अंदाज आहे, की त्या पाण्यातच कणीक मळायची.

आणि आता एक गोष्ट सांगते, जी बीबीनं मला तुम्हाला सांगू नको म्हटलं होतं. भिंत झाल्यावर तुम्ही दोघा भावांनी बायकांना शपथ घातली होती ना, की पलीकडच्यांशी बोलायचं नाही? दोघींनी शपथ मोडली नाही. बीबी तिच्या कोंबड्यांशी बोलायची आणि बचिंत भाभी म्हशीशी. "अग कोंबड्यांनो, आज रूपीला ताप आहे." "भूरी, तुळशीचा काढा दे म्हणावं पोरीला." अशी वर्षं काढली त्यांनी. रूपीचं लग्न ठरलं तेही आधी म्हशीला कळलं. तुम्ही कालव्यावर असायचात, भाई शेतात.

तेव्हा भाभी टोमणे मारत नाही. ती तुमच्याशी तशीच बोलतेय जशी बीबीशी बोलायची. उत्तर द्या. कोंबड्या उरल्या नसतील तर दुसरं कुणी शोधा.

बाली

---

कोटली
५ जानेवारी १९७९

प्रिय बाली,

तुझं पत्र वाचून मी संध्याकाळपर्यंत सतवंतच्या खाटेवर बसून होतो. मला वाटायचं ती कोंबड्यांवर फार जीव लावते.

कोंबड्या तिच्या मागे मी विकून टाकल्या. कुणाशी बोलावं सुचेना. शेवटी मीही भूरीशीच बोललो. भिंतीजवळ उभा राहिलो, घसा साफ केला आणि म्हटलं, "भूरी, मुळ्याच्या पाण्यात कणीक मळली तर त्यात वेगळं मीठ घालायचं का ग?"

पलीकडे बादलीचा आवाज थांबला. मग भाभीचा आवाज आला, नेहमीपेक्षा खाली. "भूरी, सांग त्याला, पाण्यातच मीठ आहे, वेगळं कशाला? आणि साधं पाणी एक थेंबही नको. पुरलं नाही तर आणखी मुळा किसायचा."

तेव्हापासून रोज शाळा भरते. "भूरी, सारण कडेपर्यंत पसरायचं का?" "भूरी, एक बोट कड मोकळी सोडायला सांग, त्याचा भाऊ शेताला बांध सोडायचा तशी." "भूरी, पहिली बाजू किती शेकायची?" "फोड आले की उलटायचा, आणि उलटताना देवाचं नाव घे म्हणावं, तव्याला शिव्या नकोत." काल पराठा झाला, बाली. कड तोडून तोंडात घातली आणि मला पुढचा घास लगेच घेता आला नाही.

पण आता खरी पंचाईत. पिठाच्या चक्कीवाल्यानं मला भिंतीपाशी उभं राहून एकट्यानं बोलताना पाहिलं. त्याचा मुलगा ट्रक घेऊन लुधियान्याला जातो. रूपीचं पत्र आलंय. पत्र कसलं, अर्ध्या ओळी आसवांनी पुसल्या गेल्यात. तिला कळलंय की दारजी दिवसदिवस म्हशीशी बोलतात. तिनं तिकडच्या डॉक्टरांना विचारलं. लिहिते, 'पराठ्याची अट विसरा, मी लोहरीला तुम्हाला न्यायलाच येतेय.'

मी तिला काय सांगू? मी म्हशीशी बोलत नाही, म्हशीतर्फे बोलतो, हे सांगितलं तर तिची खात्रीच पटेल. खरं काय ते भाभीच सांगू शकते, पण ती माझ्याशी थेट बोलणार नाही. भाई गेला तरी त्यानं घातलेली शपथ तिच्यापुरती जिवंत आहे.

मी ट्रंक काढून पुसून ठेवली आहे.

निरंजन

---

देहरादून
९ जानेवारी १९७९

जीजाजी,

घाईत लिहितेय, डाक निघायच्या आत टाकायचंय.

शपथ बायकांना घातली होती. तुम्हाला कुणी घातली होती? तुम्ही धाकटे दीर आहात. म्हशीला सोडा आणि भाभीला भाभी म्हणून हाक मारा. थोरली वहिनी दिराच्या हाकेला ओ देत नाही असं आपल्या पंजाबात मी पाहिलेलं नाही.

ट्रंक पुन्हा माळ्यावर टाका.

बाली

---

कोटली
१६ जानेवारी १९७९

प्रिय बाली,

तुझं पत्र काल मिळालं. लोहरी होऊन गेली होती. घडलं ते क्रमानं सांगतो.

रूपी आणि हरचरण दुपारी आले. रूपीनं माझा चेहरा दोन्ही हातांत धरून पाहिला, जसं मी तिला तापात पाहायचो. मग ट्रंकेत माझे कपडे घडी घालून ठेवायला लागली. सतवंतनं विणलेला स्वेटर वर ठेवला. मी म्हटलं, "अटीप्रमाणे पराठा तरी खाऊन जा." ती म्हणाली, "कशाला त्रास, दारजी." मी ऐकलं नाही. चूल पेटवली, मुळा किसला, मीठ लावलं, पिळला. ती उंबऱ्यात उभी राहून बघत होती. मी पिळलेलं पाणी जपून ठेवलं तेव्हा ती म्हणाली, "ते ओतून देऊ?" मी म्हटलं, "हात लावू नकोस!"

पण नजर रूपीकडे होती. पिठात सगळं पाणी एकदम पडलं. कणीक सैल झाली, बोटांना चिकटली, पोळपाटाला चिकटली. रोज जमणारी गोष्ट त्या दिवशी जमेना. मागे रूपीचे हुंदके ऐकू येत होते. आणि सवयीनं माझ्या तोंडून निघून गेलं, "भूरी, कणीक सैल झाली ग."

रूपी रडायलाच लागली. हरचरणनं मान खाली घातली. भिंतीपलीकडे सगळं शांत. पाहुणे आलेले भाभीला दिसले असणार. परक्यांपुढे म्हशीशी बोलून माझी आणखी शोभा करायची नाही म्हणून ती गप्प होती, असं नंतर कळलं.

मी चिकट हातांनी तसाच उठलो. अंगणात गेलो, भिंतीसमोर उभा राहिलो. कितीतरी वर्षांत तोंडातून न निघालेला शब्द होता, तो निघाला.

"भाभी. कणीक सैल झाली."

पलीकडे खाट ओढल्याचा आवाज. खाट करकरली. आणि भिंतीवर पांढऱ्या ओढणीतलं डोकं वर आलं. बाली, भाभी किती म्हातारी झालीय! मी तिचा नुसता आवाज ऐकत होतो, तो म्हातारा झाला नव्हता.

"मग कोरडं पीठ घाल की, करंट्या!" ती माझ्याकडे सरळ बघून ओरडली. "सारा जन्म पाणी मोजण्यात गेला आणि वाटीभर मुळ्याचं पाणी मोजता येत नाही! आणि त्या पोरीला रडवतोस कशाला? ए रूपी! तुझा बाप वेडा नाही. मूर्ख आहे, पण तो पहिल्यापासूनच. भूरीशी नाही बोलत तो, माझ्याशी बोलतो. तुझी आई बोलायची तसाच."

"ताईजी!" रूपी धावली. लहानपणी ती याच ताईजीच्या, थोरल्या काकूच्या, मांडीवर झोपायची, भिंत होण्याआधी. आता भिंतीला पालीसारखी चिकटून उभी राहिली आणि वर हात केला. भाभीनं वरून तिच्या डोक्यावर हात ठेवला. हरचरणनं विचारलं, "मग त्या डॉक्टरांना काय सांगायचं?" भाभी म्हणाली, "सांग, म्हैस ठणठणीत आहे."

मग ती खाटेवरून उतरली आणि काठी टेकत गल्लीला वळसा घालून आमच्या दारानं आत आली. उंबऱ्यात थांबली. मी पायाला हात लावले. तिनं आशीर्वाद दिला आणि लगेच चुलीकडे बघून म्हणाली, "तवा जळतोय. मी करणार नाही हं, तूच कर. मी बसते." ती सतवंतच्या पाटावर बसली. मी कोरडं पीठ घातलं. पराठा लाटला, एक बोट कड मोकळी सोडून. फोड आले तेव्हा उलटला. रूपीच्या ताटात वाढला, वर लोण्याचा गोळा.

रूपीनं मधला भाग नाही तोडला. कड तोडली. चावली. माझ्याकडे बघितलं, मग ताईजीकडे. सगळा पराठा खाल्ला, ताटातलं लोणी बोटानं पुसलं आणि म्हणाली, "दारजी, आणखी एक." हरचरणला वाढायच्या आधी तिनं तिसराही मागितला.

नंतर तिनं ट्रंकेतले कपडे एकेक काढून खुंटीला लावले. स्वेटर तेवढा मला अंगात घालायला लावला. म्हणाली, "मी आता दर महिन्याला येणार. तुम्ही नाही यायचं, मीच येणार. आणि ताईजी, तुम्ही मला कळवत राहा." भाभी म्हणाली, "मला लिहिता येत नाही. तुझ्या बापालाच सांगेन, तो लिहील. खोटं लिहिलं तर भिंतीवरून लाटणं मारीन."

संध्याकाळी लोहरीची शेकोटी भाभीच्या अंगणात पेटवली. रेवड्या, शेंगदाणे आगीत टाकले. उठताना भाभीनं काठीनं मोरीकडे बोट दाखवलं. "बघ, पाणी अजून माझ्याच बाजूनं जातंय. उतार तुझ्या भावाचाच बरोबर होता." घरात जाऊन लेव्हल काढावी असं एकदा मनात आलं, मग म्हटलं राहू दे.

तू उन्हाळ्यात ये. गुडघ्यांचं कारण सांगू नकोस. तोपर्यंत मी फुलकोबीचाही शिकलेला असेन. तुझ्या बीबीचं लाटणं आता माझ्या हातात बसतं.

भिंत तशीच आहे, पण भाभी दिवसातून दोनदा वळसा घालून येते आणि सगळं तोंडावर ऐकवते. भूरी मात्र सकाळपासून हंबरतेय. दाणा घातला, पाणी दाखवलं, तरी गप्प होत नाही. बिचारीशी आता कुणी बोलत नाही.

तुझा जीजा,
निरंजन